सोलकढीच्या वाटीमागचे मित्रकीटक : वेंगुर्ल्याच्या किनाऱ्यावरील एक दिवसाची बागफेरी

सोलकढीच्या एका वाटीत किनारपट्टीवरील दोन झाडे एकत्र येतात. नारळाचा रस माडाचा आणि आगळ कोकमाचा. कोकणात आलेला पर्यटक ती वाटी आवडीने रिकामी करतो. परंतु ज्या माडाचा तो नारळ, त्या माडाच्या पानाखाली कोणती कीड वसली आहे, तिला कोणता कीटक रोखून धरतो आणि बागायतदाराने चुकीच्या वेळी फवारणी केली तर काय घडते, हे त्याला सहसा कोणी सांगत नाही. चालणे, पाहणे आणि चाखणे या तीन गोष्टींवर आधारलेली किनाऱ्यावरील मार्गदर्शित सहल ही कमी पूर्ण करू शकते. महाराष्ट्र शासनाने २०२० मध्ये कृषी पर्यटन धोरण स्वीकारल्यापासून अनेक बागायतदार आपली बाग पाहुण्यांसाठी खुली करीत आहेत. बाग खुली झाली की तिचे कीडव्यवस्थापनही खुले होते. ही संधी आहे, तशीच जबाबदारीही आहे.

वेंगुर्लेच का?

सिंधुदुर्ग जिल्ह्यातील वेंगुर्ले हे अशा सहलीसाठी स्वाभाविक ठिकाण आहे. सतराव्या शतकातील डच वखारीमुळे हे बंदर इतिहासात परिचित आहे. डॉ. बाळासाहेब सावंत कोकण कृषी विद्यापीठाचे प्रादेशिक फळ संशोधन केंद्र येथे असून ‘वेंगुर्ला’ नावाने प्रसिद्ध झालेल्या काजूच्या जाती याच केंद्राने दिल्या. येथील मांडवी खाडीत स्वामिनी या महिला बचत गटाने कांदळवन सफर सुरू केली. गटातील महिला पर्यटकांना होडीतून खाडीत नेतात आणि कांदळवनाची ओळख करून देतात. खाडी, माडाची वाडी, आंबा-काजूची कलमे आणि कोकमाची झाडे एकाच दिवसात पाहता येतील इतक्या अंतरावर येथे आहेत.

बेंगळुरूहून बेळगाव आणि आंबोली घाटमार्गे सावंतवाडी गाठली की वेंगुर्ले दूर राहत नाही. तथापि बेंगळुरूचा या किनाऱ्याशी असलेला संबंध केवळ पर्यटकांचा नाही. १९५७ मध्ये राष्ट्रकुल जैविक नियंत्रण संस्थेचे भारतीय केंद्र बेंगळुरूत सुरू झाले. त्या परंपरेतून १९९३ मध्ये जैविक नियंत्रण प्रकल्प संचालनालय उभे राहिले आणि २०१४ पासून ते राष्ट्रीय कृषी कीटक संसाधन ब्यूरो या नावाने ओळखले जाते. किनाऱ्यावरील माडाला त्रास देणाऱ्या अनेक किडींवरील उपायांचा अभ्यास या पठारावरील शहरात झाला आहे.

पहिला टप्पा : खाडी

सकाळी ऊन चढण्यापूर्वी खाडीची फेरी घ्यावी. महाराष्ट्राच्या खाड्यांत, विशेषतः मुंबई परिसरात, पावसाळ्यानंतर काही वर्षी तिवराची झाडे एकाएकी निष्पर्ण झालेली दिसतात. सागाची पाने खाणाऱ्या अळीच्या कुळातील हायब्लिया ही अळी तिवराचा पाला फस्त करते. पाहणाऱ्यास कांदळवन मेले असे वाटते आणि फवारणीची मागणी होऊ लागते. प्रत्यक्षात काही आठवड्यांत झाडांना पुन्हा पालवी फुटते. अळ्यांवर पक्षी आणि परोपजीवी कीटक पोसले जातात, तर अळ्यांची विष्ठा चिखलात मिसळून पोषक द्रव्ये परत मिळतात. खाडीच्या पाण्यात कीटकनाशक गेले, तर मासळी, कोळंबी आणि खेकड्यांची पिल्ले त्याला प्रथम बळी पडतात.

‘कीटक दिसला म्हणजे कीड झाली’ असे नसते, हा दिवसाचा पहिला धडा येथे मिळतो. नुकसान सोसण्याची झाडाची क्षमता आणि उपायाची किंमत यांचा विचार करूनच निर्णय घ्यावा लागतो. शेतातील आर्थिक नुकसान पातळीची संकल्पना समजावण्यास यापेक्षा सोपे उदाहरण क्वचितच सापडेल.

दुसरा टप्पा : माडाखाली भिंग

माडाच्या वाडीत मार्गदर्शकाच्या खिशात दहापट मोठे दाखवणारे साधे भिंग असावे. खालच्या झावळीचे एक पान उलटून पाहिले की मेणासारखे पांढरे आवरण आणि चक्राकार मांडलेली अंडी दिसू शकतात. ही रुगोज चक्राकार पांढरी माशी होय. मूळची मध्य अमेरिकेतील ही माशी भारतात २०१६ मध्ये तामिळनाडूतील पोल्लाची आणि केरळमधील पालक्काड भागात प्रथम नोंदली गेली. पुढे ती कर्नाटक, गोवा आणि महाराष्ट्राच्या किनाऱ्यापर्यंत पोहोचली. ती पानातील रस शोषते आणि चिकट गोड द्रव टाकते. त्या द्रवावर काळी बुरशी वाढते व खालची झाडेसुद्धा काजळी धरल्यासारखी काळवंडतात.

हे दृश्य पाहून बागायतदार घाबरतो आणि रासायनिक फवारणीकडे वळतो. नेमका येथेच बागेचा तोटा होतो. एन्कार्सिया ग्वाडेलुपी ही अतिसूक्ष्म परोपजीवी गांधीलमाशी पांढऱ्या माशीच्या पिल्लांमध्ये अंडी घालते. अशी परजीवीग्रस्त पिल्ले काळसर पडतात. कोषावर गोल छिद्र दिसले तर तेथून मित्रकीटक बाहेर पडला असे समजावे, आणि इंग्रजी ‘टी’ अक्षरासारखी चीर दिसली तर पांढरी माशी बाहेर पडली असे समजावे. शाळकरी मुलालाही हा भेद भिंगातून ओळखता येतो. एका पानावरील गोल छिद्रे आणि चिरा मोजल्या की वाडीत कोणाचे पारडे जड आहे याचा अंदाज बांधता येतो.

सरसकट कीटकनाशक फवारले तर प्रथम ही गांधीलमाशी मरते. मेणाच्या आवरणाखालील कीड मात्र बऱ्याच अंशी वाचते आणि काही दिवसांत दुपटीने वाढते. म्हणूनच परजीवीग्रस्त पाने जपणे, आवश्यक तेथे पाण्याचा जोरदार फवारा मारणे आणि प्रादुर्भाव अधिक असल्यास आयसेरिया फ्युमोसोरोसिया या उपयुक्त बुरशीचा वापर करणे, अशी शिफारस केली जाते. या बुरशीचा ‘पीएफयू-५’ हा प्रभावी वाण बेंगळुरूच्या ब्यूरोने विकसित केला आहे. काळ्या बुरशीवर उपजीविका करणारा लिओक्रिनस निलगिरियानस हा भुंगेराही केरळमधील माडांवर नोंदला गेला आहे. निसर्ग झाडाची सफाईसुद्धा करतो, हे पाहुण्याला आवर्जून सांगावे.

त्याच वाडीत नवीन उमललेल्या झावळीवर कात्रीने कापल्यासारखे त्रिकोणी काप दिसले, तर ते गेंड्या भुंग्याचे काम असते. तो शेणखताच्या ढिगात आणि कुजलेल्या बुंध्यांत वाढतो. त्यामुळे उपायाची सुरुवात झाडावर न करता उकिरड्यापासून करावी. खताच्या खड्ड्यात मेटारायझियम बुरशी मिसळल्यास अळ्यांना रोग होतो. भुंग्याने केलेल्या जखमेकडे सोंड्या भुंगा आकर्षित होतो आणि तो माड पोखरून मारू शकतो, हे लक्षात घेता उकिरड्याची स्वच्छता हाच माडाचा विमा ठरतो.

तिसरा टप्पा : आंबा आणि काजू

एप्रिल महिन्यात कलमांखालून फिरताना सापळ्यांकडे लक्ष वेधावे. कोकण कृषी विद्यापीठाचा ‘रक्षक’ सापळा अनेक आंबा बागांत टांगलेला असतो. त्यातील मिथाइल युजेनॉल या गंधद्रव्याकडे फळमाशीचे नर येतात. तुळशीतही हेच द्रव्य असते. तुळशीचे पान चुरगाळून पाहुण्यांना हुंगावयास दिले, तर सापळ्याचे तत्त्व क्षणात उमगते. उन्हाळ्यात हे द्रव्य लवकर उडून जाते. ते दीर्घकाळ टिकावे यासाठी ब्यूरो आणि बेंगळुरूची भारतीय विज्ञान संस्था यांच्या संशोधकांनी नॅनोजेल स्वरूप तयार केले आणि २०१३ मध्ये ते संशोधन प्रसिद्ध झाले.

फळमाशीचे महत्त्व केवळ बागेपुरते नाही. भारतीय आंब्याच्या मालात फळमाशी आढळल्याने युरोपीय संघाने मे २०१४ मध्ये आयातीवर बंदी घातली होती. ती जानेवारी २०१५ मध्ये उठवण्यात आली. एका अळीमुळे देशाचा बाजार बंद होऊ शकतो, ही बाब झाडाखाली पडलेले सडके फळ हातात घेऊन सांगितली तर अधिक पटते. अळ्या फळातून बाहेर पडून जमिनीत कोषावस्थेत जातात, म्हणून पडलेली फळे रोज गोळा करून नष्ट करणे हा सापळ्याइतकाच महत्त्वाचा उपाय आहे.

काजूच्या कलमांवर ढेकण्या कोवळी पालवी, मोहोर आणि कोवळ्या बियांतील रस शोषतो. पाने शिवून घरटी करणाऱ्या तांबड्या मुंग्या या ढेकण्याला हुसकावतात. या मुंग्या कामगारांना चावतात, म्हणून बागायतदार त्यांची घरटी जाळतो. ज्या झाडांवर काढणीची घाई नाही तेथील घरटी तरी राखावीत. ओल्या काजूचा चीक त्वचेला भाजतो, याची सूचना मात्र पाहुण्यांना बी हाती देण्यापूर्वीच द्यावी.

चवीची जबाबदारी

दुपारच्या पानावर ओल्या काजूंची उसळ, घावणे, रस-शिरवाळे आणि सोलकढी असते. बागेत तोडलेले शहाळे तर पाहुण्यांच्या हाती लगेच जाते. बाजारात पाठवलेला माल ग्राहकापर्यंत पोहोचण्यास काही दिवस लागतात. बागफेरीत तोडणी आणि घास यांत काही मिनिटांचेच अंतर असते. त्यामुळे कीटकनाशकाच्या लेबलवर छापलेला काढणीपूर्व प्रतीक्षा कालावधी येथे अक्षरशः पाळावा लागतो. फवारलेल्या किंवा मुळावाटे औषध दिलेल्या झाडावर ठळक रंगाची फीत बांधावी, तारीख लिहावी आणि ते झाड चाखण्याच्या मार्गातून वगळावे. लेबलवरील लाल, पिवळा, निळा आणि हिरवा त्रिकोण विषारीपणाची उतरती पायरी दाखवतो. मार्गदर्शकाला तो वाचता आला पाहिजे.

याच पानावर आणखी एक गैरसमज दूर करता येतो. सालीवर तपकिरी खरखरीत डाग असलेले शहाळे पाहुणा नाकारतो. हे डाग १९९८ मध्ये केरळमधून प्रथम नोंदल्या गेलेल्या सूक्ष्म कोळी किडीचे असतात. कीड देठाजवळील टोपीखाली राहते आणि तिचे ओरखडे सालीपुरतेच असतात. प्रादुर्भाव तीव्र असल्यास फळ लहान राहते, पण आतले पाणी पिण्यास योग्य असते. डाग असलेले आणि नसलेले अशी दोन शहाळी शेजारी ठेवून चव घ्यावयास द्यावी. निष्कलंक सालीचा आग्रह ग्राहकाने सोडला, तर बागायतदारावरील अनावश्यक फवारणीचा दबावही कमी होतो.

परतीचे सामान

सहलीचा सर्वांत धोकादायक क्षण निरोपाचा असतो. पाहुणा आठवण म्हणून माडाचे किंवा शोभेच्या झाडाचे रोप मागतो आणि यजमान प्रेमाने देतो. रुगोज पांढरी माशी माडाखेरीज केळी, पेरू, सीताफळ आणि कर्दळीवरही जगते. ती शेकडो किलोमीटर उडत जात नाही. रोपांच्या पानाखाली बसून वाहनाने जाते. किनाऱ्यावरचे एक रोप बेंगळुरूच्या गच्चीवर आणि तेथून आसपासच्या शेतात कीड नेऊ शकते. पपईवरील पिठ्या ढेकणाचा अनुभव विसरण्यासारखा नाही. २००८ मध्ये कोइम्बतूर येथे आढळलेली ही कीड अल्पावधीत अनेक राज्यांत पसरली. २०१० मध्ये पोर्तो रिकोहून आणलेले परोपजीवी कीटक बेंगळुरूत वाढवून सोडले गेले, तेव्हा ती आटोक्यात आली. तोपर्यंत पपई आणि तुतीच्या बागांचे मोठे नुकसान झाले होते.

म्हणून पाहुण्यांना रोपे देऊ नयेत. आमसुले, आगळ, आंबापोळी, फणसपोळी आणि भाजलेले काजूगर द्यावेत. सिंधुदुर्ग व रत्नागिरीच्या कोकमाला आणि वेंगुर्ल्याच्या काजूला भौगोलिक मानांकन मिळालेले आहे. त्याची माहिती वेष्टनावर असावी. प्रक्रिया केलेल्या मालातून उत्पन्न वाढते आणि कीड मात्र प्रवासाला निघत नाही.

विस्तार कार्यकर्त्यांनी काय करावे?

गावात कृषी पर्यटन सुरू असेल तर मार्गदर्शकांसाठी अर्ध्या दिवसाचे प्रशिक्षण पुरेसे ठरते. त्यात भिंगाचा वापर, गोल छिद्र आणि चीर यांतील भेद, लेबलवाचन आणि फवारणी नोंदवही या चार बाबी घ्याव्यात. सातेरी मधमाश्यांची पेटी असल्यास ती फुलोऱ्याच्या बाजूस, परंतु पाऊलवाटेपासून दूर ठेवावी. प्रत्येक फेरीनंतर त्याच पाच माडांवरील निरीक्षणे वहीत लिहावीत. पर्यटकांच्या निमित्ताने आठवड्यातून दोनदा झालेली ही पाहणी कीड सर्वेक्षणाचेच काम करते. वेगळे पिठ्या ढेकूण किंवा अनोळखी पांढरी माशी आढळल्यास नमुना पिशवीत बंद करून जवळच्या कृषी विज्ञान केंद्राकडे द्यावा. परकीय कीड जितकी लवकर ओळखली जाते, तितके तिचे नियंत्रण स्वस्त पडते. किनाऱ्यावरील बागेत नियमितपणे पान उलटून पाहणारी माणसे असतील, तर तिची पहिली वार्ता शास्त्रज्ञाआधी त्या गावाच्या मार्गदर्शकाकडूनच मिळेल.