आवाज कुणाचा?

दिवाळीला माझी पुण्यातली रूममेट आमच्या राजुऱ्याला आली आणि दोन रात्री झोपलीच नाही. कोळशाचे ट्रक! तिसऱ्या सकाळी मोबाइल घेऊन गच्चीत उभी. "अगं, खड्ड्यात ट्रक आपटतो ना, त्याला बीट आहे!" म्हटलं, झाली ही स्नेहा खानवलकर.

स्नेहा माहितीये ना? ‘ओय लकी! लकी ओय!’ (२००८) आणि ‘गँग्ज ऑफ वासेपूर’ची (२०१२) संगीतकार. इंदूरची मराठी मुलगी, घरात ग्वाल्हेर घराण्याचं गाणं. आणि ही बाई सूर शोधायला गेली कुठे, तर हरियाणातल्या रागिणीवाल्यांकडे आणि पुढे थेट त्रिनिदादला! गिरमिटिया मजुरांनी बोटीतून भोजपुरी नेली, तिचं तिकडे ‘चटनी म्युझिक’ झालं. त्यातून वेदेश सूकूच्या आवाजातलं ‘हंटर’ आपल्याकडे आलं. शाळेत असताना आम्ही ते अर्थ न कळता बोंबलत फिरायचो. सूकूचं नाव? कुणाला ठाऊक होतं!

त्याच २०१२ मध्ये एमटीव्हीवर तिचं ‘साउंड ट्रिपिन’ सुरू झालं. संगीतकार स्टुडिओबाहेर पडून कॅमेऱ्यासमोर आली. एक जागा निवडायची, तिथले आवाज गोळा करायचे आणि त्यातूनच गाणं बांधायचं. कधी कर्नाटकातलं यल्लापूर, कधी धारावीतला भंगाराचा धंदा. काटेकोर बोलायचं तर हा ट्रॅव्हल शो. मला मात्र ती डॉक्युमेंटरीच वाटते. सिनेमाच्या गाण्यात आवाज आपल्यापर्यंत पोचतो आणि त्याचा मालक शेवटच्या बारीक अक्षरांत संपतो, तोवर आपण पार्किंगमध्ये असतो. इथे आवाजाला चेहरा होता.

पंजाबातल्या किला रायपूरच्या एपिसोडमधलं ‘टुंग टुंग’ घ्या. ज्योती आणि सुलताना नूरन या बहिणी त्यात गाताना दिसल्या. २०१४ मध्ये ‘हायवे’तलं ‘पटाखा गुड्डी’ आलं, तेव्हा हे आवाज ज्यांनी आधी ऐकले होते त्यांनी लगेच ओळखले. २०१५ मध्ये ‘टुंग टुंग’ स्वतःच ‘सिंग इज ब्लिंग’मध्ये जाऊन बसलं. छान झालं. पण सगळ्यांचं नूरन होत नाही. कॅमेरा पॅक झाल्यावर ज्यांना पुन्हा फोन येत नाही, त्यांच्या आवाजाचं काय? (हा प्रश्न मीही पूर्वी विचारला नव्हता. मास कॉममध्ये आम्हाला माइक कुठे लावायचा ते पक्कं शिकवलं होतं!)

तो त्याच संध्याकाळी विचारला गेला. आम्ही जिवतीच्या बाजूला दंडार बघायला गेलो होतो. दिवाळीतला गोंड-कोलामांचा नाच, ढोल असा की छातीत वाजतो. रूममेटनं मोबाइल पार ढोलाला चिकटवला. मी पण. वाजवणाऱ्या आजोबांनी एक फेरी संपवली, हात थांबवला.

"काय करता व याचं?"

"गाणं करू, आजोबा," ती म्हणाली.

"मंग माहं नाव टाकशीन ना, पोरी? गावाचंबी टाकजो."

आम्ही दोघी गप्प. तासभर झाला होता रेकॉर्डिंग करत आणि नाव विचारलंच नव्हतं. मग विचारलं, गावाचंही नीट लिहून घेतलं. परत येताना गाडीत तिनं गुपचूप फाइलचं नाव बदललं.

आधीचं मी पाहिलं होतं. ‘ट्रायबल बीट १’.