सूर्य ओढतो पाण्याची मोट

गोंदिया हा धानाचा जिल्हा. पावसाळी धान घरात आले की ज्यांच्याकडे विहीर किंवा बोअर आहे, असे बरेच शेतकरी उन्हाळी धान लावतात. या धानाच्या बांधीत पाणी सतत हवे, आणि ते उपसायला वीज हवी. शेतीपंपांची वीज मात्र आपल्या राज्यात वर्षानुवर्षे आळीपाळीने मिळत आली : काही दिवस दिवसा ८ तास, काही दिवस रात्री १० तास. विजेचे मोठे साठे करणे महाग पडते. ती निर्माण होते त्याच क्षणी वापरावी लागते, म्हणून सगळे पंप एकदम चालू न देता त्यांचा भार रात्रीवर ढकलण्यात आला.

रात्रीची पाळी आली की शेतकरी बॅटरी घेऊन बांधीवर जातो. जिल्ह्यातल्या नवेगाव-नागझिरा जंगलाला २०१३ साली व्याघ्र प्रकल्पाचा दर्जा मिळाला, हे तुम्हांला ठाऊक असेल. जंगलालगतच्या शेतांत वाघ, बिबट, अस्वल यांची ये-जा असते. ओल्या धुऱ्यावर साप तर नेहमीचाच. तेव्हा ‘आम्हांला दिवसा वीज द्या’ ही मागणी नुसत्या सोयीची नाही, ती जिवाची आहे.

राज्य शासनाने या मागणीला दोन वाटांनी उत्तर दिले. पहिली वाट ‘मुख्यमंत्री सौर कृषी वाहिनी योजना’, सुरुवात २०१७ साली. तिचा दुसरा, मोठा टप्पा २०२३ साली आला. यात शेतकऱ्याची मोटर आहे तीच राहते. गावाजवळच्या वीज उपकेंद्राच्या आसपास जमीन घेऊन तेथे सौर प्रकल्प उभारायचा आणि त्याची वीज शेतीच्या वाहिनीला द्यायची. वीज जवळच तयार होत असल्यामुळे लांबलचक तारांतली गळतीही कमी होते.

दुसरी वाट २०२४ सालची, ‘मागेल त्याला सौर कृषी पंप’. यात सौर तावदाने थेट शेतातच बसतात. किमतीच्या १० टक्के शेतकऱ्याने भरायचे. अनुसूचित जाती-जमातींच्या शेतकऱ्यांनी ५ टक्के. बाकीचा भार केंद्र व राज्य शासनाचा. पंप केवढा द्यायचा, हे जमिनीवरून ठरते. अडीच एकरांपर्यंत ३ अश्वशक्तीचा, पाच एकरांपर्यंत ५ चा आणि त्यापुढे साडेसात अश्वशक्तीचा.

हा अडीच एकरांचा आकडा धानाला पुरतो का? कागद-पेन्सिल घ्या, आपणच पाहू.

३ अश्वशक्तीच्या पंपाला सुमारे ३,००० वॉटची तावदाने लागतात. मार्च-एप्रिलमध्ये आपल्याकडे दिवसभराचे ऊन पूर्ण तेजाच्या साधारण ६ तासांइतके भरते. त्यातला एक तास मी धूळ आणि उष्णता यांच्या नावे वजा करतो. (ऊन जितके कडक तितकी वीज जास्त, असे पुष्कळांना वाटते. सौरघटाला प्रकाश हवा, ताप नको. तो तापला की दर अंश सेल्सिअसला त्याची शक्ती सुमारे ०.४ टक्क्याने घटते.) उरले ५ तास, म्हणजे १५ युनिट. मोटर, पंप आणि पाइप मिळून यातला मोठा वाटा खातात. प्रत्यक्ष पाणी उचलण्याच्या कामी ४० टक्के, म्हणजे ६ युनिट आले असे धरू. एक युनिट म्हणजे ३६ लाख जूल. ६ युनिट म्हणजे २ कोटी १६ लाख जूल.

पाणी २० मीटर खोल असेल, तर एक लिटर वर आणायला ९.८ × २० = १९६ जूल लागतात. भागाकार करा : दिवसाला सुमारे १ लाख १० हजार लिटर!

आता बांधीकडे वळू. उन्हाळी धानाचे पाणी काही वाफ होऊन जाते, काही जमिनीत मुरते. भारी जमिनीत मिळून रोज साधारण एक सेंटिमीटर धरा. एक एकर म्हणजे ४,०४७ चौरस मीटर, त्यावर एक सेंटिमीटर पाणी म्हणजे सुमारे ४० हजार लिटर. अडीच एकरांना झाले एक लाख. पंप पुरला, पण जेमतेम. जमीन हलकी असेल किंवा दोन दिवस आभाळ भरून आले, तर तोटा आलाच. हरभरा किंवा जवस यांना मात्र हाच पंप चांगला भरपूर होईल, कारण त्यांना अशी उभ्या पाण्याची गरजच नसते. पीक कोणतेही असो, नियम एकच. माझ्या मते योजनेतली ही उणीव आहे. धान पिकवणाऱ्या जिल्ह्यांसाठी वेगळे कोष्टक असते तर बरे झाले असते.

एक गोष्ट मात्र धानाच्या बाजूची आहे. पावसाने दडी मारली की रोवणी खोळंबते. पण पाऊस नसलेल्या त्या दिवसांत पुष्कळदा आभाळ मोकळे असते! पाण्याची अडचण आणि ऊन बरोबरच येतात. शिवाय या पंपाला बॅटऱ्यांचा साठा लागत नाही. दुपारी उपसलेले पाणी बांधीत उभे राहते आणि रात्रभर रोपांच्या उपयोगी पडते. म्हणजे बांधी हीच साठ्याची टाकी.

खरी काळजी आहे ती खोलीची. वरच्या गणितात २० ऐवजी ४० मीटर घालून पाहा. पाणी निम्मे, ५५ हजार लिटर; तेवढ्यात सव्वा एकरच भिजेल. आणि सूर्याचे बिल येत नाही, त्यामुळे पंप दिवसभर चालू ठेवण्याचा मोह होतो. त्याने पातळी आणखी खाली जाते.

तुमच्या गावातल्या एखाद्या विहिरीची खोली मोजा. मोठ्या माणसाला बरोबर घ्या, दोरीला दगड बांधा आणि काठावरून पाण्यापर्यंतचे अंतर जानेवारीत एकदा व मे महिन्यात एकदा वहीत लिहा. मग दोन्ही महिन्यांत ३ अश्वशक्तीचा सौर पंप तेथून दिवसाला किती लिटर पाणी काढेल, ते वरच्या रीतीने काढून पाहा.