फूल्सहेडची पडापड

क्रेतिनेत्ती म्हणजे इटालियनमध्ये मूर्खोबा. हे पात्र रंगवणारा आंद्रे देद मूळचा फ्रेंच. कसरती आणि गाणी करत तो जॉर्ज मेलिएसच्या जादूपटांत पोचला, पाते कंपनीत गाजला आणि 1909 च्या सुमारास जोव्हान्नी पास्त्रोनेने त्याला तुरिनच्या इताला कंपनीत आणले. चित्र मुके, त्यामुळे नाव बदलले की रीळ कुठेही खपे. इंग्लंडात तोच फूल्सहेड झाला.

पाच-दहा मिनिटांच्या या चित्रांत कथा नावालाच. मूर्खोबा साध्या कामाला हात घालतो, सामानाचा चुराडा होतो आणि अख्खा रस्ता त्याच्या मागे धावतो. कॅमेरा जागचा हलत नसे. पडणारा माणूस डोक्यापासून टाचेपर्यंत दिसे. खोटे पडणे तिथे चालत नव्हते. म्हणूनच तोंतोलिनी आणि पोलिदोर ही अशीच विनोदी पात्रे साकारणारा फेर्दिनांद गियोम सर्कशीच्या घराण्यातून आला. आपल्याकडच्या जत्रांमधल्या तमाशात सोंगाड्याही मूर्खाचे सोंग घेतो, पण त्याची खरी करामत जिभेची. फूल्सहेडला जीभच नव्हती, सगळा भार हाडांवर.

लांब चित्रपटांची चलती झाली, 1915 मध्ये इटली महायुद्धात उतरली आणि ही रिळे मागे पडली.

त्याआधी ती मुंबईला पोचली होती. 1910-11 च्या सुमारास गिरगावात दादासाहेब फाळके यांनी ख्रिस्तावरचा चित्रपट पाहिला. सोबत गेलेल्या त्यांच्या पत्नी सरस्वतीबाईंच्या आठवणीनुसार त्या खेळात आधी फूल्सहेडचे विनोदी चित्र झाले. मुख्य चित्राला असे तोंडीलावणे देण्याची तेव्हा रीतच होती. फाळक्यांनी ती पाळली: 1914 मध्ये ‘मोहिनी भस्मासुर’च्या जोडीला त्यांचे ‘पिठाचे पंजे’ हे छोटे विनोदी चित्र दाखवले गेले.

1909 च्या एका चित्रात देखण्या क्रेतिनेत्तीवर भाळलेल्या बायका त्याच्या मागे लागून त्याचे तुकडे करतात. मग ते तुकडे आपोआप जुळतात आणि स्वारी उठून उभी. ही मेलिएसकडची हातचलाखी: कॅमेरा थांबवायचा, वस्तू बदलायची, पुन्हा हँडल फिरवायचे. फाळक्यांच्या 1918 च्या ‘श्रीकृष्णजन्म’मध्येही कंसाचे मुंडके धडावेगळे होऊन वर जाते आणि परत मानेवर बसते. तिथे मात्र हसायचे नसते.