नावांच्या गावा – ९ : सलीम, की सालिम?

आरे कॉलनीत पाऊस स्थिरावला की सकाळी सहाच्या सुमाराला रस्त्यावर दोन तऱ्हांची माणसं दिसतात. काहींच्या गळ्यात दुर्बीण आणि नजर झाडांच्या शेंड्याला. काहींच्या हातात विळा आणि नजर पायाखाली. पहिले पक्षी बघायला आलेले, दुसरे तबेल्यातल्या म्हशींसाठी गवत कापायला निघालेले. १९४९ साली दारा खुरोडी यांच्या पुढाकारानं मुंबईतले गोठे हलवून ही वसाहत वसवली आणि १९५१ मध्ये नेहरूंनी तिचं उद्घाटन केलं. तेव्हापासून गवत कापणं हा इथला रोजचा उद्योग आहे. या आठवड्याच्या नावासाठी मला ही दोन्ही माणसं लागणार आहेत.

आधी दुर्बीणवाला. त्याच्या पाठीवरच्या पिशवीत 'द बुक ऑफ इंडियन बर्ड्स' असण्याचा संभव दांडगा. १९४१ साली पहिल्यांदा निघालेलं हे पुस्तक अजूनही विकलं जातं. त्याच्या मुखपृष्ठावरचं लेखकाचं नाव नीट बघा. रोमन लिपीत लिहिलेल्या त्या नावातल्या पहिल्या 'ए'च्या डोक्यावर एक छोटी तिरकी रेघ आहे. ती छपाईची चूक नव्हे. पुस्तकाचे लेखक, पक्षितज्ज्ञ अली, आपलं नाव त्या रेघेसकट लिहीत, म्हणजे पहिला स्वर लांबवा : सालिम. आपण मराठीत मात्र सर्रास 'सलीम अली' म्हणतो आणि लिहितो.

हे दोन उच्चार म्हणजे एकाच नावाचं शुद्ध आणि अशुद्ध रूप असं काही नाही. अरबीत ती दोन स्वतंत्र नावं आहेत, पण सख्खी भावंडं. अरबीत बहुतेक शब्द तीन व्यंजनांच्या धातूतून निघतात आणि स्वर बदलून वेगवेगळ्या साच्यांत बसतात. हा साचा मराठी माणसाला शिकवावा लागत नाही, कारण 'हुकूम' आपल्या घरात आहे. त्याच धातूपासून हुकूम चालवणारा तो हाकिम आणि शहाणा, जाणता तो हकीम. हाकिम-हकीम, तसे सालिम-सलीम. धातू स-ल-म. अर्थ : धडधाकट, अखंड, सुखरूप. 'सालिम' म्हणजे जो सुखरूप आहे तो, आणि 'सलीम' म्हणजे सुखरूपपणा ज्याच्या अंगीच आहे तो. फरक एवढाच, आणि बारशाच्या दिवशी तो कुणी मोजत बसत नाही.

या धातूचा गोतावळा मोठा आहे. सलाम, सलामी, सलमान, सलमा, इस्लाम, मुस्लिम. हिब्रूमधला 'शालोम' हा याचाच चुलतभाऊ. सुलेमान हे नाव त्या बाजूनं आलं. ज्यांना व्याकरणापेक्षा जेवणात जास्त रस असेल त्यांनी मुर्ग मुसल्लम आठवावा : तुकडे न करता अख्खी शिजवलेली कोंबडी. आणि आपल्याकडे तर या धातूची म्हणच झाली आहे, शिर सलामत तर पगडी पचास.

इथवर कोशात सापडेल असा अर्थ झाला. पण अरबी कोश पुढे एक असा अर्थ देतात की वाचणारा थबकतो. तेराव्या शतकातल्या इब्न मंझूरच्या 'लिसान अल-अरब' या अवाढव्य कोशात 'सलीम'चा एक अर्थ दिला आहे : साप चावलेला माणूस.

धडधाकट, अखंड, सुखरूप, आणि साप चावलेला. कोशकारांनी याचं कारणही दिलंय. शुभशकुन म्हणून. ज्याला विष चढतंय त्याला 'डसलेला' म्हणायचं नाही. 'सुखरूप' म्हणायचं, म्हणजे तो सुखरूप उठेल. दुसरं स्पष्टीकरण असं की याच धातूचा एक अर्थ 'सोपवणं' असाही होतो, आणि डसलेला माणूस आपल्या नशिबाच्या हवाली झालेला असतो. मला पहिलं जास्त पटतं, कारण त्याच अरबांनी जीवघेण्या वाळवंटाला जो एक शब्द योजला, 'मफाझा', त्याचा अर्थ होतो सुटकेची जागा.

इस्लामपूर्व अरब टोळ्यांत या 'सलीम'वर करायचा एक उपचार होता. त्याला झोपू द्यायचं नाही. झोपला की विष भिनतं, असा समज. म्हणून बायकांचे दागिने त्याच्या हातात घालायचे आणि ते रात्रभर खुळखुळत ठेवायचे. तंबूत अंधार, मधोमध तो घाम फुटलेला माणूस, त्याच्या मनगटांत बायकोच्या नाहीतर आईच्या बांगड्या, आणि डोळा लागतोय असं दिसलं की कुणीतरी हात धरून हलवणार. नाबिघा या त्या काळच्या कवीनं आपल्या बेचैन रात्रीचं वर्णन करताना या रिवाजाचाच दाखला दिलाय.

आता गवत कापणाऱ्याकडे येऊ. आरेच्या गवतात घोणस आहे, नाग आहे, मण्यार आहे. पाड्यांवरची माणसं – खांबाचा पाडा, जीवाचा पाडा, केलटीपाडा असे सत्तावीस पाडे इथे आहेत – गवतात हात घालण्याआधी काठीनं ते झोडपून घेतात, आणि अंधार पडल्यावर सापाला 'साप' म्हणत नाहीत. 'जनावर' म्हणतात. आणि चावला तर? उभ्या महाराष्ट्रात जुनी माणसं म्हणतात तेच : पान लागलं.

पान लागलं! दंश नाही, विष नाही, साप तर नाहीच नाही. गवतातून चालताना एखादं पान लागावं तेवढंच. अरबस्तानच्या वाळवंटातला माणूस आणि सह्याद्रीच्या पायथ्याचा माणूस एकमेकांना न विचारता एकाच युक्तीपाशी पोचले. आपल्याकडे भीतीवर चांगला शब्द पांघरायची ही रीत किती खोल रुजली आहे ते बघा : मंगळसूत्र तुटत नाही, वाढतं. नारळ फोडत नाहीत, वाढवतात. अंगावर फोड उठले की 'देवी आल्या'. घरातून निघताना 'जातो' म्हणणाऱ्याला आजी अजून टोकते, 'येतो म्हण.' आरेतल्या पाड्यांवर बिबट्याचा वावर रोजचा आणि त्याला नाव वाघोबा. शेंदूर फासलेल्या वाघोबाला नारळ वाढवल्याशिवाय सण पुरा होत नाही. (शब्दांनी विष उतरत नाही, हे सांगायला हवं का? हवंच. दवाखान्यात न्या. नाग, मण्यार, घोणस आणि फुरसं या चौघांवर चालणारं प्रतिविष मिळतं.)

म्हणून मला वाटतं, सलीम हे नाव वर्णन म्हणून वाचू नये. ते मुलाचं वर्णन नाही. तो कसा आहे ते त्यात सांगितलेलं नाही; त्याचं काय होऊ नये ते सांगितलंय.

पण हे नाव अरबांत सुरुवातीपासून घरच्या पोरांचं लाडकं होतं असं समजू नका. दहाव्या शतकातला भाषापंडित इब्न दुरैद यानं नावांच्या व्युत्पत्तीवर एक ग्रंथच लिहिलाय. त्यात तो सांगतो की अरबांना कुणीतरी विचारलं, तुम्ही पोटच्या पोरांना कुत्रा, लांडगा, सिंह अशी नावं देता आणि गुलामांना मात्र गोड गोड, असं का? उत्तर आलं : पोरांची नावं शत्रूसाठी, गुलामांची आमच्यासाठी. पोरानं रणात नाव सांगितलं की समोरचा दचकला पाहिजे, आणि घरात हाक मारायच्या माणसाचं नाव कानाला बरं वाटलं पाहिजे. गेल्या आठवड्यात आपण दगडू आणि धोंडूची चर्चा केली, तिच्याशी हे ताडून बघा. आपल्याकडे पोर जगावं, त्याला दृष्ट लागू नये म्हणून नाव वाईट; त्यांच्याकडे पोरानं दुसऱ्याला दहशत घालावी म्हणून.

आणि खरोखरच, इस्लामच्या इतिहासातला पहिला नामवंत सालिम हा मुक्त केलेला गुलाम होता. अबू हुझैफाचा सालिम. मूळचा इराणी म्हणतात. बापाचं नाव अनेकांना ठाऊक नव्हतं, म्हणून ज्यानं वाढवलं त्याच्या नावानं ओळखला गेला. पण कुराण म्हणावं तर त्यानंच, असा लौकिक. मक्केहून मदिनेकडे आलेल्या पहिल्या मंडळींत मोठमोठी कुळवान माणसं होती आणि त्यांच्यापुढे नमाजाला उभा राहायचा हा. पैगंबरांनी स्वतः नावांच्या बाबतीत लक्ष घातल्याच्या कथा हदीसमध्ये आहेत. त्यांतली एक आपल्या कामाची. एका माणसाचं नाव होतं 'हर्ब', म्हणजे युद्ध. ते बदलून त्यांनी ठेवलं 'सिल्म', सलोखा. धातू तोच, स-ल-म. लांडगे आणि कुत्रे मागे पडून सलीम, सालिम घराघरांत आले ते या वळणानंतर.

हिंदुस्थानात या नावाला राजवस्त्र मिळालं ते सिक्रीत. अकबराची आधीची मुलं तान्हेपणीच गेलेली. शेख सलीम चिश्ती या फकिरानं मुलगा होईल असा आशीर्वाद दिला. बादशहानं बायकोला बाळंतपणासाठी शेखच्या शेजारी नेऊन ठेवलं आणि ऑगस्ट १५६९ मध्ये झालेल्या पोराला शेखचंच नाव दिलं. नवसाचं पोर, आपल्या भाषेत. पुढची गंमत जहांगीरनं आपल्या आठवणींत लिहून ठेवली आहे : वडिलांनी मला शुद्धीत काय किंवा नशेत काय, कधी 'सलीम' म्हणून हाक मारली नाही, कायम 'शेखूबाबा'. ज्याच्या पायाशी डोकं ठेवलं त्याचं नाव घेऊन पोराला रागवायचं कसं? आजोबांचं नाव नातवाला ठेवलेल्या मराठी घरांत हा पेच पिढ्यान्‌पिढ्या आहे. सून सासऱ्याचं नाव कशी घेणार? मग कागदावर गोविंद आणि घरात जन्मभर 'बाळ'.

गादीवर बसताना, १६०५ मध्ये, त्यानं नाव बदलून 'जहांगीर' केलं. कारणही त्यानंच दिलंय : सलीम नावामुळे तुर्की सुलतानांशी घोटाळा होतो. तो जन्मला तेव्हा इस्तंबूलच्या तख्तावर दुसरा सलीम होता.

आज कुणाही मराठी माणसाला सलीम म्हटल्यावर जहांगीर आठवत नाही, दिलीपकुमार आठवतो. 'मुघल-ए-आझम' १९६० च्या ऑगस्टमध्ये मराठा मंदिरला लागला. त्यातला शीशमहाल उभा राहिला होता अंधेरीच्या मोहन स्टुडिओत, आरेच्या मरोळकडच्या तोंडापासून हाकेच्या नाही तरी रिक्षाच्या अंतरावर. त्या सिनेमानं हे नाव प्रियकराचं करून टाकलं. माझ्या मते नावाचं थोडं नुकसानच केलं. खरा जहांगीर प्रेमात पडायचा त्यापेक्षा बारकाईनं पक्षी बघायचा. सारसाच्या एका जोडीला त्यानं लैला-मजनू नाव दिलं होतं आणि नर-मादी आळीपाळीनं अंडी कशी उबवतात याच्या नोंदी ठेवल्या. चितारी मन्सूरकडून पक्ष्यांची चित्रं काढून घेतली. १९२७ च्या सुमारास बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या नियतकालिकात मुघल बादशहांच्या या निसर्गवेडावर एक दीर्घ लेखमाला आली. लेखकाचं नाव सालिम अली. एका सलीमची दखल दुसऱ्यानं घेतली, तीनशे वर्षांनी.

हे अली मुंबईचे, जन्म १२ नोव्हेंबर १८९६. पूर्ण नाव सालिम मोइझुद्दीन अब्दुल अली. अब्दुल हे स्वतंत्र नाव नसतंच, बरं का. 'अब्द अल्' म्हणजे 'अमक्याचा दास', आणि 'अली' म्हणजे सर्वांत उंच, हे ईश्वराच्या नावांपैकी एक. 'अब्दुलभाई' अशी हाक मारताना आपण अर्ध्यावर थांबलेलो असतो. घराणं सुलेमानी बोहऱ्यांचं. तिथेही सुलेमानच्या पोटातून तोच धातू डोकावतो. मूल एक वर्षाचं असताना वडील गेले, तीन वर्षांचं असताना आई. मामा अमीरुद्दीन तय्यबजींनी वाढवलं. गळ्यावर पिवळा ठिपका असलेली एक चिमणी एअरगननं पाडून तो पोरगा सोसायटीत मिलार्डसाहेबांकडे घेऊन गेला, ती कथा शाळकरी पुस्तकांत येते, पुन्हा सांगत नाही. मला त्यापेक्षा किहीम आवडतं : १९३० मध्ये, हाताला नोकरी नाही अशा दिवसांत, अलिबागजवळच्या त्या किनाऱ्यावर राहून त्यांनी सुगरणीची घरटी तासन्‌तास पाहिली. नर अर्धं घरटं बांधतो, मादी येऊन तपासते, पसंत पडलं तर राहते, मग नर दुसरं बांधायला घेतो, दुसरीसाठी. तोवर कुणी हे इतकं नीट मांडलं नव्हतं. १९८७ च्या जूनमध्ये गेले तेव्हा वय नव्वद. आईवडिलांनी ठेवलेल्या नावानं काम चोख केलं म्हणायचं.

आता त्यांचं नाव कुठे कुठे आहे? गोव्यात चोडण बेटावरच्या अभयारण्याला, छत्रपती संभाजीनगरच्या सरोवराला, एका वटवाघळाला, आणि २०१६ पासून हिमालयातल्या एका कस्तुराला. पक्ष्याच्या लॅटिन नावात तिरकी रेघ चालत नाही, तेव्हा तिथे पहिला स्वर आखूडच राहिला. पाट्यांवर कुठे सलीम, कुठे सालीम, कुठे सालिम. पाटी रंगवणाऱ्याला मी दोष देणार नाही. तिन्हींचा आशीर्वाद सारखाच. फक्त पुस्तक लिहिणाऱ्यांनी, ज्यानं आयुष्यभर ती रेघ जपली त्याच्याखातर, एकदा 'सालिम' लिहून बघावं.

आरेतल्या एका वाचकानं विचारलंय की पाड्यांवर सोमा, मंगळ्या, बुध्या अशी वारांवरून नावं असतात, तशी अरबांत असतात का? असतात. गुरुवारचा तो खमीस, शुक्रवारचा जुमा. पुढच्या आठवड्यात जुमा.