९५९ धावांचा पाठलाग

मार्च १९४९ मध्ये पुण्यात झालेल्या रणजी करंडकाच्या उपांत्य सामन्यात मुंबईविरुद्ध महाराष्ट्रापुढे चौथ्या डावात लक्ष्य होतं ९५९ धावांचं. सामना निकाल लागेपर्यंत खेळायचा, म्हणजे वेळ काढून अनिर्णित राखण्याची सोयच नव्हती. अशा वेळी थकलेला संघ दोनशे-अडीचशेत गुंडाळला गेला असता, तरी कोणी बोल लावला नसता. महाराष्ट्राने ६०४ धावा काढल्या आणि सामना ३५४ धावांनी गमावला.

त्या हंगामाची आठवण निघाली की लोक निंबाळकरांचं नाव घेतात, आणि ते रास्तच आहे. डिसेंबर १९४८ मध्ये पूना क्लबच्या मैदानावर भाऊसाहेब निंबाळकर काठेवाडविरुद्ध नाबाद ४४३ पर्यंत पोहोचले होते. ब्रॅडमनचा ४५२ धावांचा विक्रम मोडायला अवघ्या दहा धावा हव्या असताना काठेवाडचे कर्णधार असलेल्या राजकोटच्या ठाकूरसाहेबांनी उपाहाराच्या सुट्टीत सामना सोडून दिला. ही हळहळ पुणेकरांच्या मनातून गेलेली नाही. पण तिच्या आड मार्चमधला पराभव झाकला गेला, आणि माझ्या लेखी मोठी फलंदाजी या पराभवात झाली.

मुंबईने पहिल्या डावात ६५१ केल्या. माधव मंत्रींचं द्विशतक, उदय मर्चंट १४३, दत्तू फडकर १३१. फडकर मूळचे कोल्हापूरचे, निंबाळकरांच्याच गावचे, आणि सुरुवातीला महाराष्ट्राकडून खेळलेले. कात्रजचा घाट उतरून पुण्यात येणाऱ्या त्या रस्त्यावरचं एवढं गुणी पोर आता समोरच्या संघात होतं. महाराष्ट्राचं उत्तर ४०७ : दातार १४३, मधुसूदन रेगे १३३. मुंबईकडे २४४ धावांची आघाडी होती, तरी तिने फॉलोऑन न देता पुन्हा फलंदाजी घेतली आणि ८ बाद ७१४ वर डाव घोषित केला. मर्चंट १५६, फडकर १६०. दोघांचीही दोन्ही डावांत शतकं.

आता गोलंदाजांचा विचार करा. दोन डावांत तेराशे पासष्ट धावा दिलेला संघ पुन्हा पॅड बांधून उतरतो. मन कुठून आणायचं? रेग्यांनी आणलं. त्याच मोसमात मद्रासला वेस्ट इंडीजविरुद्ध ते कसोटी खेळले होते. ती त्यांची एकुलती एक कसोटी. पुण्यात त्यांनी पुन्हा शतक ठोकलं, बरोबर १००. शरद देवधरांनी १४६ केल्या. त्यांचे वडील दि. ब. देवधर, स. प. महाविद्यालयात संस्कृत शिकवणारे प्राध्यापक, यांच्याच नेतृत्वाखाली महाराष्ट्राने १९३९-४० आणि १९४०-४१ असा लागोपाठ दोनदा करंडक जिंकला होता.

सात दिवस, ३८ गडी, नऊ शतकं, एकूण २,३७६ धावा. प्रथम श्रेणीतल्या एका सामन्यात इतक्या धावा त्याआधी कधीच झाल्या नव्हत्या. १९३९ साली डर्बनच्या प्रसिद्ध अमर्याद कसोटीत इंग्लंडने ६९६ चा पाठलाग करताना ५ बाद ६५४ पर्यंत मजल मारली, आणि परतीची बोट गाठायची म्हणून सामना अर्धवट सोडला. त्याच्यावर आजही लिहिलं जातं. पुण्यातल्या ६०४ धावा मात्र मुंबईच्या विजयाच्या खात्यात एक ओळ होऊन बसल्या. मुंबईने पुढे अंतिम सामन्यात बडोद्याला हरवून करंडक नेला. तिचा तो हक्कच होता. पण १९४८-४९ चा महाराष्ट्र संघ सांगायचा झाला तर ४४३ च्या जोडीला रेग्यांचे १३३ आणि १०० सांगायलाच हवेत.