अपघातात जखमी झाल्यास भरपाई किती? सर्टिफिकेटचा टक्का म्हणजेच सगळे नाही

नागपूर : अमरावती रोडवर कोंढाळीजवळ किंवा जबलपूर रोडवर मनसरजवळ अपघात झाला, की बरेचदा प्रकरण रस्त्यावरच मिटवले जाते. गाडीवाला दहा-वीस हजार हातावर ठेवतो, चार लोक मध्ये पडतात आणि पोलिसांत रिपोर्ट होतच नाही. पुढे पायात रॉड टाकावा लागतो, काम बंद पडते. मग दाव्यासाठी कागद शोधले जातात, तर कागदच नसतो.

घरातला माणूस गेला तर दावा करतात, हे खेड्यातही माहीत आहे. जखमीलाही तोच हक्क आहे. हा अर्ज मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाकडे करायचा. अपघात झाला तिथे, जखमी राहतो तिथे किंवा समोरचा गाडीमालक राहतो तिथे, कुठेही तो चालतो. म्हणजे नरखेडचा मजूर पांढुर्ण्याकडे जखमी झाला, तरी दावा आपल्याच जिल्ह्यात करता येतो.

1 एप्रिल 2022 पासून दाव्याला 6 महिन्यांची मुदत आहे. केवळ उशिराच्या कारणावरून दावे फेटाळू नयेत, असा अंतरिम आदेश सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर 2025 मध्ये दिला. पण तो अंतिम निकाल नव्हे, त्याच्या भरवशावर बसून राहू नये.

आता पैशाचा हिशेब. मेडिकल बोर्डाने 30 टक्के अपंगत्व लिहून दिले, की लोक समजतात कमाईही 30 टक्केच बुडाली. विमा कंपनीलाही तेच सोयीचे. पण राजकुमार विरुद्ध अजयकुमार या 2010 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की शरीराचे अपंगत्व आणि कमाईचे नुकसान या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. डावा हात गेला तर सरकारी कारकुनाची नोकरी टिकू शकते. सुताराचा किंवा ड्रायव्हरचा धंदाच जवळपास संपतो.

समजा, 32 वर्षांचा शेतमजूर महिन्याला 10 हजार कमावतो. भविष्यातील वाढीचे 40 टक्के धरून 14 हजार होतात. वर्षाचे 1 लाख 68 हजार. 31 ते 35 वयासाठी गुणक 16, म्हणजे 26 लाख 88 हजार. यातले 30 टक्के धरले तर 8 लाख 6 हजार 400. पण पायामुळे त्याला वखर, फवारणी, ओझे काहीच जमत नाही म्हणून न्यायाधिकरणाने 60 टक्के मानले, तर 16 लाख 12 हजार 800. दवाखान्याचा खर्च, वेदना, बुडालेली मजुरी वेगळी. हा फरक पडतो तो पुराव्याने. उपचार करणाऱ्या डॉक्टरची साक्ष आणि जखमी आधी नेमके काय काम करत होता याचा पुरावा, दोन्ही लागतात. दवाखान्याची बिले, डिस्चार्ज कार्ड, एक्स-रे फेकू नयेत.

एफआयआर, पंचनामा आणि गाडीचे विमा कागद पोलिसांकडून मिळतात. नियमाप्रमाणे पोलिसांनी 48 तासांत पहिला अपघात अहवाल न्यायाधिकरणाला द्यायचा असतो. तो गेला की नाही, ठाण्यात जाऊन विचारावे.

गाडी सापडलीच नाही तर? हिट अँड रन योजनेत गंभीर जखमीला 50 हजार, मृत्यू झाल्यास 2 लाख मिळतात. अर्ज उपविभागीय अधिकारी किंवा तहसीलदाराकडे करायचा. उपचारासाठी वेगळी कॅशलेस योजना मे 2025 पासून आहे : योजनेतील रुग्णालयात 7 दिवसांपर्यंत, दीड लाखाच्या मर्यादेत.

कापूस वेचणीला, मिरची तोडायला ट्रॉलीत किंवा छोटा हत्तीत बसून जाणाऱ्यांची गोष्ट मात्र अवघड आहे. मालवाहू गाडीतून प्रवासी म्हणून गेलेल्यांची जबाबदारी विमा कंपन्या सहसा झटकतात आणि न्यायालयेही बरेचदा ते मान्य करतात. मग भरपाई गाडीमालकाकडून वसूल करावी लागते, आणि तो बहुतेक वेळा गावातलाच असतो.

वकिलाची फी परवडत नसेल तर तालुका विधी सेवा समितीकडे जावे. महिला, अनुसूचित जाती-जमाती, दिव्यांग आणि कमी उत्पन्नाच्या लोकांना तिथे मोफत वकील मिळतो. लोकअदालतीत तडजोडही होते, पण तिथे झालेल्या तडजोडीवर अपील करता येत नाही. त्यामुळे सही करण्याआधी वरचा हिशेब एकदा वकिलाकडून करून घ्यावा.