हवामान बदल : माहितीकडून कृतीकडे
(ग्वाल्हेरच्या माधवगंज परिसराच्या संदर्भात)

प्रस्तावना

सर्वोच्च न्यायालयाने १९९१ मध्ये दिलेल्या निर्देशांनंतर पर्यावरण हा विषय शिक्षणाच्या सर्व स्तरांवर आला. पुढे विद्यापीठ अनुदान आयोगाने पदवीच्या सर्व शाखांसाठी सहा महिन्यांचा पर्यावरण अभ्यासक्रम लागू केला. परीक्षेत 'हरितगृह वायूंचे परिणाम लिहा' या प्रश्नाला बहुतेक विद्यार्थी ठरावीक उत्तर लिहितात आणि उत्तीर्णही होतात. परंतु त्याच विद्यार्थ्याच्या घरात मे महिन्यात आजोबांना ऊन लागले तर काय करावे, हे त्याला सांगता येतेच असे नाही. माहिती पोहोचते, पण कृती होत नाही. असे का होते आणि शिक्षकाला त्यात काय करता येईल, याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे. उदाहरणासाठी ग्वाल्हेर शहरातील लष्कर भाग आणि त्यातील माधवगंज हा परिसर घेतला आहे. १८१० मध्ये दौलतराव शिंदे यांची छावणी येथे पडली व त्यातून लष्कर वसले. तेव्हापासून येथे मराठी, हिंदी आणि उर्दू बोलणारी घरे शेजारी शेजारी नांदत आली आहेत.

१. अडचण शब्दाची, अनुभवाची नव्हे

अमेरिकेतील येल विद्यापीठाच्या संशोधकांनी २०११ मध्ये भारतातील सुमारे ४,००० प्रौढांची पाहणी केली. त्यांतील ४१ टक्के लोकांनी जागतिक तापमानवाढीबद्दल कधी ऐकलेच नव्हते किंवा आपल्याला सांगता येत नाही असे उत्तर दिले. मात्र दोन वाक्यांत अर्थ समजावून दिल्यावर ७२ टक्के लोकांनी असे घडत असल्याचे मान्य केले. दहा वर्षांनंतर, २०२१-२२ च्या पाहणीतही चित्र फारसे निराळे नव्हते. या विषयाची थोडीच माहिती आहे किंवा मुळीच नाही असे सांगणारे ५४ टक्के होते. पण अर्थ सांगितल्यावर होकार देणारे ८४ टक्के निघाले.

या आकड्यांचा अर्थ शिक्षकाच्या दृष्टीने महत्त्वाचा आहे. लोक ही गोष्ट नाकारीत नाहीत. त्यांनी ती अनुभवली आहे. त्या अनुभवाला दिलेले नाव मात्र त्यांच्या ओळखीचे नाही.

मराठीत ही अडचण आणखी वाढते. भूगोलाच्या पुस्तकात 'हवा' म्हणजे अल्पकाळची स्थिती आणि 'हवामान' म्हणजे दीर्घकाळची सरासरी स्थिती असा भेद केलेला असतो. व्यवहारात मात्र 'आजचे हवामान', 'हवामानाचा अंदाज' असेच आपण म्हणतो. त्यामुळे 'हवामान बदलते आहे' हे वाक्य ऐकणाऱ्याला त्यात नवे काहीच वाटत नाही. हवामान तर रोजच बदलते! हिंदीत 'जलवायु' आणि उर्दूत 'आबोहवा' हे शब्द आहेत. दोहोंचा शब्दशः अर्थ एकच : पाणी आणि हवा. मराठीतही याच बांधणीचा 'हवापाणी' हा घरगुती शब्द आहे. 'इथले हवापाणी मानवले नाही' असे म्हणताना दोन दिवसांची हवा अभिप्रेत नसते, तर त्या ठिकाणचा कायमचा स्वभाव अभिप्रेत असतो. माधवगंजसारख्या त्रिभाषिक परिसरात शिक्षकाने 'आपल्या गावाचे हवापाणी बदलते आहे' येथून सुरुवात केली, तर ती तिन्ही भाषांच्या घरांत समजेल. पारिभाषिक शब्द त्यानंतर द्यावा.

२. ग्वाल्हेरचे पाणी

हवापाण्यातील पाणी प्रथम घेऊ. ग्वाल्हेर शहराला मुख्यतः सांक नदीवरील तिघरा धरणातून पाणी मिळते. मोक्षगुंडम विश्वेश्वरय्या यांनी खडकवासल्यासाठी योजलेले स्वयंचलित दरवाजे पुढे तिघऱ्यालाही बसवण्यात आले. ऑगस्ट १९१७ मध्ये पायाखालच्या वालुकाश्मात पाणी झिरपून हे धरण फुटले व नंतर ते पुन्हा बांधावे लागले. त्याही पूर्वीच्या काळाची साक्ष किल्ल्यावरचे सूरजकुंड आणि इतर तलाव देतात. पावसाचे पाणी जागच्या जागी साठवण्याची ती जुनी रीत होय. आज मोठ्या शहराची भिस्त प्रामुख्याने एका जलाशयावर आहे आणि पावसाने ओढ दिली की दिवसाआड पाण्याची वेळ येते.

केंद्रीय भूविज्ञान मंत्रालयाच्या २०२० च्या अहवालानुसार १९०१ ते २०१८ या काळात भारताचे सरासरी तापमान सुमारे ०.७ अंश सेल्सियसने वाढले. १९५१ ते २०१५ या काळात देशातील मोसमी पाऊस सुमारे ६ टक्क्यांनी घटला आणि ही घट गंगेच्या मैदानात व पश्चिम घाटात विशेष दिसली. याउलट मध्य भारतात एका दिवसात १५० मिलिमीटरहून अधिक पाऊस पडण्याच्या घटना १९५० ते २०१५ या काळात सुमारे ७५ टक्क्यांनी वाढल्या. तापलेली हवा अधिक बाष्प धरून ठेवते व ते एकदम सोडते, हे त्यामागील एक कारण आहे. दोन्ही गोष्टी एकत्र पाहिल्या म्हणजे 'पाऊस पडत नाही' आणि 'पाऊस पडला की गटारे तुंबतात' या घरोघरी ऐकू येणाऱ्या दोन तक्रारी परस्परविरोधी राहत नाहीत.

३. भीती पुरेशी नसते

जनजागृतीची भित्तिपत्रके बहुधा जळणारी पृथ्वी किंवा भेगाळलेली जमीन दाखवतात. किम विट या संशोधिकेने १९९२ मध्ये मांडलेल्या सिद्धान्तानुसार, संकट मोठे आहे हे पटले पण आपल्या हातून काही होण्यासारखे आहे हे पटले नाही, तर माणूस संकटाशी न झगडता स्वतःच्या भीतीशी झगडतो. तो विषय टाळतो किंवा थट्टेवारी नेतो. म्हणून प्रत्येक धोक्याच्या सोबत एक करता येण्याजोगी गोष्ट सांगणे आवश्यक ठरते.

ग्वाल्हेरचेच उदाहरण घेता येईल. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०१६ च्या आकडेवारीत हवेतील सूक्ष्म धूलिकणांच्या बाबतीत ग्वाल्हेर जगात दुसऱ्या क्रमांकावर होते. अशी बातमी वाचून माणूस हादरतो. परंतु उद्या सकाळी काय करायचे, हे ती सांगत नाही. येथे हेही स्पष्ट केले पाहिजे की धूलिकणांचे प्रदूषण, ओझोनच्या थराची झीज आणि हवामान बदल हे तीन वेगळे प्रश्न आहेत. वर्गात त्यांची सरमिसळ फार होते आणि त्यामुळे उपायही चुकतात.

४. कृती घडवून आणणारी दोन उदाहरणे

(अ) अहमदाबाद : मे २०१० मध्ये अहमदाबादेत पारा ४६.८ अंशांवर गेला. त्या महिन्यात नेहमीपेक्षा १,३४४ मृत्यू अधिक झाल्याचे पुढे अभ्यासातून दिसून आले. त्यानंतर २०१३ मध्ये महानगरपालिकेने उष्णता कृती आराखडा तयार केला. दक्षिण आशियातील हा असा पहिला आराखडा होता. पिवळा, नारिंगी व लाल असे इशाऱ्याचे टप्पे ठरले, फोनवर संदेश गेले, डॉक्टरांना प्रशिक्षण मिळाले, पाणपोया आणि सावलीच्या जागा ठरल्या. यामुळे २०१४ आणि २०१५ मध्ये दरवर्षी सुमारे १,१९० मृत्यू टळले असावेत, असा एका अभ्यासाचा अंदाज आहे. २०१६ मध्ये नागपूरनेही असा आराखडा स्वीकारला. 'तापमान वाढणार' एवढेच न सांगता 'आज लाल इशारा आहे, म्हणून हे करा' असे सांगितले गेले, हे या योजनेचे वैशिष्ट्य होय.

(आ) हिवरे बाजार : अहिल्यानगर (पूर्वीचा अहमदनगर) जिल्ह्यातील या अवर्षणप्रवण गावात १९८९ मध्ये पोपटराव पवार सरपंच झाले. तेथे पडलेला पाऊस मोजला जातो आणि ग्रामसभेत पाण्याचा ताळेबंद मांडला जातो. प्रथम पिण्याचे पाणी, मग जनावरांचे, आणि जे उरेल त्यावर पिके ठरतात. शेतीसाठी बोअरवेल नाही आणि उसासारखी पाणी पिणारी पिके नाहीत, हे नियम गावाने स्वतः केले. पाण्याचा हिशेब सर्वांसमोर मांडला गेल्यामुळे तो सर्वांचा झाला आणि शेजारी नियम पाळतो हे दिसल्यामुळे प्रत्येकाने पाळला.

दोन्ही उदाहरणांत माहिती स्थानिक होती, वेळेवर मिळाली आणि तिच्यासोबत निश्चित कृती जोडलेली होती.

५. सांगणारा कोण?

तोच संदेश कोण सांगतो यावरही त्याचे वजन ठरते. ऑगस्ट २०१५ मध्ये इस्तंबूल येथे मुस्लिम विद्वानांनी हवामान बदलावर जाहीरनामा काढला. पृथ्वी ही माणसाकडे सोपवलेली अमानत आहे, ही त्यामागील भूमिका. वाहत्या नदीकाठी वुजू करतानाही पाणी वाया घालवू नये, ही शिकवण मुस्लिम घरांतील मुलाला लहानपणापासून ठाऊक असते. जुम्म्याच्या बयानात इमामसाहेबांनी उन्हाच्या दिवसांत याची आठवण करून दिली, तर ती कोणत्याही पत्रकापेक्षा अधिक पोहोचेल. ग्वाल्हेरला तर सामायिक श्रद्धेची परंपरा आहे. महादजी शिंदे बीडचे सूफी संत मन्सूरशाह यांना गुरुस्थानी मानीत, आणि शिंदे घराण्याने गोरखी येथे त्यांच्या उरुसाची परंपरा राखली आहे. अशा शहरात पाण्याचा प्रश्न एका समाजाचा म्हणून मांडण्याचे कारण नाही.

मात्र एक पथ्य पाळावे. भारताचे दरडोई कार्बन डायऑक्साइड उत्सर्जन वर्षाला सुमारे २ टन आहे. जगाची सरासरी त्याच्या दुपटीहून अधिक आणि अमेरिकेची सुमारे सातपट आहे. पत्र्याच्या खोलीत राहणाऱ्या कुटुंबाला 'विजेचा वापर कमी करा' असे सांगणे अन्यायाचे आहे. त्या कुटुंबाला प्रथम उन्हापासून बचाव हवा आणि नगरपालिकेकडे आपला हक्क मागण्याचे बळ हवे.

६. शिक्षकांसाठी कार्यक्रम

कम्युनिटी कॉलेजातील विद्यार्थी बहुधा काम करीत शिकतात. वायरमन, एसी दुरुस्ती, रुग्णसेवा, शिवणकाम असे त्यांचे व्यवसाय असतात आणि त्यांची रोज वेगवेगळ्या घरांत ये-जा असते. माधवगंजसारख्या एका मोहल्ल्यासाठी पुढील काम एका सत्रात करता येईल :

(१) प्रत्येक विद्यार्थ्याने साठीपुढच्या दोन व्यक्तींना विचारावे : तुमच्या लहानपणी उन्हाळ्यात कुठे झोपत होता? विहिरीला किंवा बावडीला पाणी कधीपर्यंत असे? उत्तरे वर्गात हवामान खात्याच्या नोंदींशी ताडून पाहावीत, कारण आठवण नेहमीच अचूक नसते.
(२) एकटे राहणारे वृद्ध, गरोदर स्त्रिया आणि उन्हात काम करणारे यांची गल्लीवार यादी करावी. लाल इशाऱ्याच्या दिवशी कोणी कोणाच्या घरी डोकावायचे हे आधीच ठरवावे.
(३) रुग्णसेवेच्या विद्यार्थ्यांनी उष्माघाताची लक्षणे घरोघरी सांगावीत : अंग तापणे, बोलण्यात असंबद्धता, शुद्ध हरपणे. अशा रुग्णाला सावलीत न्यावे, अंगावर पाणी ओतून वारा घालावा आणि विलंब न लावता रुग्णालयात न्यावे. शुद्ध नसल्यास तोंडाने पाणी पाजू नये.
(४) छतांना पांढरा चुना देण्याचा प्रयोग दोन घरांवर करून आतील तापमान रोज मोजावे व आकडे चौकात फळ्यावर लिहावेत.
(५) सत्राच्या अखेरीस पाणी आणि सावली यांविषयीचे निवेदन रहिवाशांच्या सह्यांनी वॉर्डाच्या नगरसेवकाला द्यावे.

निष्कर्ष

हवामान बदलाचे ज्ञान लोकांपर्यंत पोहोचत नाही याचे कारण लोकांचे अज्ञान नसून आपल्या सांगण्याचा क्रम आहे. आपण जागतिक आकड्यांपासून सुरुवात करतो आणि शेवटी उपदेश करतो. क्रम उलटा करावा लागेल : आधी गल्लीतले हवापाणी, मग त्यामागचे शास्त्र आणि शेवटी चौघांनी मिळून करता येईल असे एखादे काम. असे झाल्यास परीक्षेत हरितगृह वायूंवर उत्तर लिहिणारा विद्यार्थी मे महिन्यातल्या एखाद्या दुपारी शेजारच्या आजोबांचे दार वेळेवर वाजवील. अभ्यासक्रमाचे यश त्यावरूनच मोजावे.